दोन कुलपांची खोली

दिवाणी वकिलाकडे माणूस सगळ्यांत शेवटी येतो. आधी तो भावकीत जातो, मग पोलीस पाटलाकडे, मग ठाण्यात, आणि भांडणाचा पार चोथा झाला की खामगावला येऊन माझ्या ओट्यावर बसतो आणि म्हणतो, "साहेब, आता तुमीच पाहा." मी काय पाहणार? ज्या जागेचा वाद आहे तिथे एकाने काट्यांचं कुंपण घातलेलं असतं, दुसऱ्याने ते पेटवलेलं असतं, आणि जमादाराने दोघांना उन्हात बसवून 'समझोता' लिहून घेतलेला असतो. मूळ वाद काय होता असं विचारलं तर दोघांनाही धड सांगता येत नाही. माझी सगळी हयात असल्या कामात गेली. आता कोट खुंटीला टांगल्यावर तरी सुटका होईल असं वाटलं होतं, तर या अंकाच्या संपादकांनी 'वकिलीतले रंगतदार अनुभव' मागितले. रंगतदार म्हणे. त्यांनी दिवाणी कोर्टात एक दुपारसुद्धा काढलेली दिसत नाही.

बाहेरच्या वाचकासाठी आधी थोडं सांगून टाकतो. शेत कुणाचं, घर कुणाचं, दोन वावरांमधला धुरा कुठून जातो, हे ठरवायचं काम दिवाणी कोर्टाचं. डोकं कुणी फोडलं हे पाहायचं काम पोलिसांचं आणि फौजदारी कोर्टाचं. पोलिसांना मालकी ठरवायचा अधिकार नाही, कधीच नव्हता. पण आमच्या बुलढाणा जिल्ह्यातल्या माणसाला दिवाणी कोर्ट आवडत नाही, कारण तिथे तारीख पडते. ठाण्यात तारीख पडत नाही. तिथे ताबडतोब कुणाला तरी शिवी पडते, आणि ती समोरच्याला पडली तर आपल्याला न्याय मिळाला असं माणसाला वाटतं. म्हणून जागेचा वाद ठाण्यात कसा नेता येईल हे तो आधी शोधतो. 'समोरचा मले माराले धावून राह्यला' एवढं ओरडलं की काम होतं. पोलीस येतात, मारामारीचं राहतं बाजूला, आणि जागेचाच निकाल देऊन जातात.

यासाठी एक रीतसर कलमही आहे, एकशे पंचेचाळीस. ताब्यावरून रक्तपात होईलसं वाटलं तर पोलिसांनी दंडाधिकाऱ्याला कळवायचं, आणि दंडाधिकाऱ्याने मालकीच्या भानगडीत न पडता ताबा कुणाचा होता तेवढं पाहून हुकूम द्यायचा. कलम चांगलं आहे. पण त्यात लिहावं लागतं, साक्षी घ्याव्या लागतात, आणि हे करण्याची कुणाला हौस नसते. ठाण्यातला दरबार त्यापेक्षा सोपा पडतो.

मासला म्हणून आंब्यांचं सांगतो. एका गावात दोन चुलतभावांच्या धुऱ्यावर आंब्याचं झाड होतं. वाद झाला, जमादार आला, आणि शांतता राहावी म्हणून त्याने झाडावरचे सगळे आंबे उतरवून ठाण्यात नेले. मी अर्ज केला. दंडाधिकाऱ्यांनी पोलिसांचं म्हणणं मागवलं, ते सावकाश आलं, आणि अखेर हुकूम झाला की आंबे माझ्या पक्षकाराला परत करावेत. हुकूम कायद्याने अगदी बिनचूक होता. तो घेऊन मी ठाण्यात गेलो, तर जमादाराने मला मागच्या अंगणात नेऊन कोयांचा ढीग दाखवला आणि म्हणाला, "मोजून घ्या, साहेब." माझा पक्षकार खाली बसून खरोखरच मोजायला लागला. मी त्याला दंडाला धरून उठवलं.

पण मला सगळ्यांत जास्त छळलं ते एका खोलीने. गावाचं नाव सांगत नाही. पिंपळगाव राजाच्या अलीकडे की पलीकडे तेही सांगत नाही, कारण दोन्ही घरची माणसं अजून तिथेच नांदतात आणि मला अधूनमधून त्या बाजूला जावं लागतं. महाराष्ट्र होऊन थोडीच वर्षं झाली होती तेव्हाची गोष्ट.

त्या गावात बाजाराच्या रस्त्यावर एक खोली होती. मालक शेषराव, बऱ्यापैकी शेती असलेला, आवाजाने मोठा आणि मनाने तसा वाईट नसलेला गृहस्थ. खोलीत बसायचा इस्माईल पिंजारी. कापूस पिंजून गाद्या आणि रजया भरायचा त्याचा धंदा. शेषरावच्या वडिलांनी इस्माईलच्या वडिलांना 'बस इथं, तुही जागा' असं म्हणून ती खोली दिली होती. कागद नाही, पत्र नाही, फक्त शब्द. दोघंही म्हातारे वारले, शब्द तेवढा राहिला. मग शेषरावच्या मुलाला दुकान घालायची हुक्की आली आणि शेषराव म्हणाला, जागा माझी आहे, उठ. इस्माईल म्हणाला, "तुह्या बापानं बसवलं, तू कोन उठवनारा?" दोघांचंही म्हणणं त्यांच्या त्यांच्या परीने खरं होतं आणि असा वाद दिवाणी कोर्टासाठीच असतो. पण दिवाणी कोर्टाचं नाव कोण काढतो? दसऱ्याच्या सुमारास शेषरावने खोलीच्या दाराला आपलं कुलूप ठोकलं.

इथे आमच्याकडची एक रीत सांगायला हवी. भावाभावांत वाटणीचा वाद असला आणि एखादी खोली किंवा कोठी कुणाची ते ठरत नसलं, की तिला दोघांची दोन कुलपं लावतात आणि दोन्ही किल्ल्या गावातल्या एखाद्या मानाच्या माणसाकडे ठेवायला देतात. मग तो मानाचा माणूस दोघांनाही रोज टोचत राहतो. शेवटी दोघं कंटाळतात, काहीतरी ठरतं, आणि तो दोन्ही कुलपं उघडतो. त्या रीतीप्रमाणे इस्माईलनेही शेषरावच्या कुलपाच्या खाली आपलं कुलूप लावलं. कडी एक आणि कुलपं दोन. आता किल्ल्या कुणाकडे द्यायच्या? गावात त्या वेळी नवीन ठाणेदार आले होते.

ठाणेदार सातारकडचे. माणूस प्रामाणिक, कुणाच्या पान-सुपारीचाही मिंधा नव्हे. आमची बोली त्यांना कळत नसे. कुणी 'का' ऐवजी 'काऊन' म्हटलं की ते शिपायाकडे पाहत. 'माझ्या हद्दीतलं भांडण कोर्टापर्यंत जात नाही' असा त्यांना अभिमान होता आणि बाजाराच्या दिवशी ते ठाण्यासमोर खुर्ची-टेबल मांडून भांडणं मिटवत बसायचे. शेषराव आणि इस्माईल त्यांच्यापुढे आले, दोघांनी आपापली किल्ली टेबलावर ठेवली, आणि ठाणेदारांनी 'शाबास' म्हणून दोन्ही किल्ल्या खणात टाकल्या. भांडण मिटलं असं त्यांना वाटलं. गावातल्या मानाच्या माणसाला टोचत राहायला वेळ असतो, ठाणेदाराला तो कुठून असणार? त्यांच्यामागे चोऱ्या होत्या, बंदोबस्त होते, साहेबांचे दौरे होते. किल्ल्या खणात पडून राहिल्या.

इस्माईल माझ्याकडे आला तेव्हा दिवाळी होऊन गेली होती. अंगाने किडकिडीत, दाढीत कापसाचे तंतू अडकलेले असावेत इतकी ती पांढरी. मी सगळं ऐकून घेतलं आणि विचारलं, "किल्ली तुमच्याकडून कुणी मागितली?"

"कोनी नाई मांगतली. मीच देल्ली."

"कशाला दिली?"

"शेषरावनं देल्ली ना, साहेब. त्यानं देल्ली आन् मी नाई देल्ली, तं मी खोटा ठरतो."

मी कपाळाला हात लावला. ताबा याचा, धंदा याचा, आणि हा स्वतःच्या पायाने चालत जाऊन आपल्या दाराची किल्ली पोलिसाला देऊन आला होता. आणि वर त्याला त्यात काही वावगं वाटत नव्हतं.

"मग आता काय हवंय?"

"दरवाजा उघडाले पाह्यजे. लोकायचा कापूस आत हाय."

मग खरी गोष्ट कळली. पिंजाऱ्याचा हंगाम म्हणजे नवा कापूस घरात आल्यापासून थंडी सरेपर्यंतचा. त्याच्यावर त्याचं वर्ष चालतं. आत त्याची कमान होती, म्हणजे ते छताला टांगलेलं मोठं धनुष्य, ज्याच्या तातीच्या झटक्याने कापूस फुलतो. पण कमानीचं त्याला एवढं नव्हतं. रोहिणखेडला त्याचा मेहुणा पिंजारीच होता, तो एक जुनी कमान द्यायला तयार होता. अडचण निराळीच होती. गावातल्या लोकांनी पिंजायला दिलेला कापूस आणि पुन्हा भरायला दिलेल्या रजया आत पडल्या होत्या. गठ्ठ्यांवर नावं नव्हती, कुणाचं काय ते इस्माईलच्या डोक्यात होतं.

"दुसरीकडं कमान टांगून बसलो तं लोक काय म्हनतीन? जुना कापूस खाल्ला, आता नवा मांगून राह्यला. आधी पह्यला माल परत करा लागते. नाई तं माह्याजवळ कोन येईन, साहेब?"

माणसाचं सगळं आयुष्य त्याच्या शब्दावर उभं होतं आणि तो शब्द कुलपात अडकला होता. मला त्याची दया आली, आणि दया आली की मी जरा जास्तच चिडतो. मी तालुक्याच्या दंडाधिकाऱ्यांकडे अर्ज दिला की पोलिसांना किल्ली ठेवायचा अधिकार नाही. दंडाधिकाऱ्यांनी अहवाल मागवला. ठाणेदारांनी सुरेख अक्षरात लिहून पाठवलं की उभय पक्षांनी राजीखुशीने किल्ल्या जमा केल्या असून तूर्त गावात शांतता आहे. यातला शब्द न् शब्द खरा होता! दंडाधिकारी म्हणाले, "मग तक्रार कशाची, वकीलसाहेब?" मी म्हटलं, साहेब, शांतता आहे कारण माणूस उपाशी बसलाय. ते म्हणाले, उपाशी बसणं हा कायदा-सुव्यवस्थेचा प्रश्न नाही. अर्ज फेटाळला.

मग मला चेव चढला. मी नागपूरला हायकोर्टात रिट दाखल करायचं ठरवलं. खामगावच्या बारमधले वकील मित्र हसले. पिंजाऱ्याच्या कुलपासाठी हायकोर्ट? पण मला पटलेलं होतं की आज किल्ली घेतली तर उद्या घर घेतील, आणि अजूनही पटलेलं आहे. जलंबला गाडी बदलून मी नागपूरला गेलो, तिथल्या एका ज्येष्ठ वकिलांना उभं केलं आणि स्वतः त्यांच्या मागे बसलो. सरकारी वकील उठून म्हणाले की किल्ल्या शांततेसाठी ठेवल्या आहेत. न्यायमूर्तींनी चष्मा काढला आणि विचारलं, शांतता तर सगळ्याच गावांत ठेवायची असते, मग तुम्ही सगळ्याच किल्ल्या गोळा करणार आहात काय? कोर्टात हशा पिकला. मी त्या हशाला मनातून दाद दिली. निकाल तिथल्या तिथे झाला. खाजगी मिळकतीच्या वादात पोलिसांनी पडू नये. ज्याची किल्ली त्याला तत्काळ परत करावी. पक्षांनी हवं तर दिवाणी कोर्टात जावं. मी स्टेशनवर संत्री घेतली आणि गाडीत बसून एकटाच खात, खूष होऊन परत आलो.

हुकुमाची नक्कल घेऊन मी इस्माईलसोबत ठाण्यात गेलो. ठाणेदारांनी नक्कल दोनदा वाचली. चेहरा पडला होता, पण त्यांनी खण उघडला, एक किल्ली इस्माईलच्या हातावर ठेवली आणि दुसरी शेषरावला बोलावून त्याच्या हातावर. दोघांच्या सह्या घेतल्या. मग मी, इस्माईल आणि आमच्या मागोमाग बाजारातले रिकामटेकडे, असे सगळे खोलीपाशी आलो. इस्माईलने आपलं कुलूप काढलं. वरचं शेषरावचं कुलूप कडीत तसंच लटकत राहिलं.

इस्माईलने ते हलवून पाहिलं. मग माझ्याकडे वळला.

"आपन जिंकलो ना, साहेब?"

"जिंकलो."

"मंग दरवाजा काऊन नाई उघडत?"

चाळीसेक माणसं माझ्या उत्तराची वाट पाहत उभी होती. हायकोर्टाने कायद्याप्रमाणे जे सांगायला हवं तेच सांगितलं होतं, मी मागायला हवं तेच मागितलं होतं, आणि दार तसंच बंद होतं. रीतीप्रमाणे दोन्ही किल्ल्या एका हातात होत्या तेव्हा निदान एक तरी माणूस असा होता की ज्याला ते दार उघडता आलं असतं. आता तसा कुणीच उरला नव्हता.

मी त्याला बाजूला घेऊन सांगितलं, "ताबा तुमचा आहे. त्यांनी कुलूप लावलं हेच बेकायदा आहे. कडी उचकटा आणि आत जा, पुढचं मी पाहतो."

तो माझ्याकडे असा पाहू लागला, जणू मी त्याला दरोडा घालायला सांगितलं होतं. "दुसऱ्याच्या कुलपाले हात लावू? लोक माह्या घरी कापूस ठेवतात, साहेब. असं केलं तं कोन ठेवन?"

झालं. मी दिवाणी दावा लावला, मनाई हुकमाचा अर्ज दिला. शेषरावच्या वकिलाने म्हणणं द्यायला मुदत मागितली. मग न्यायाधीश रजेवर गेले. मग शेषरावचा वकील रजेवर गेला. मार्गशीर्ष सरला, पौष लागला. थंडी त्या वर्षी मरणाची होती आणि अर्ध्या गावाच्या रजया त्या खोलीत. बायका इस्माईलच्या दारात येऊन बसायच्या. एकीने त्याला माझ्यासमोर विचारलं, "भाई, पोरगं रातभर कुडकुडते. तुह्या कोर्टानं माही रजई काऊन ठेवून घेतली?" त्याने मान खाली घातली. मला वाटलं, न्यायमूर्तींना इथे आणून या बाईसमोर उभं करावं, आणि मीही मागे बसावं, नेहमीसारखं.

ठाणेदारांनी वेगळाच सूड उगवला. हुकमाची नक्कल त्यांनी टेबलावरच्या काचेखाली ठेवली आणि कुणीही कसलीही तक्रार घेऊन आला की तिच्यावर बोट ठेवून म्हणायचे, "खाजगी वाद आहे. आम्हांला पडता येत नाही. कोर्टात जा." एकाने दुसऱ्याच्या विहिरीत दगड टाकले. कोर्टात जा. एकाने दुसऱ्याच्या उभ्या तुरीत बैल सोडले. कोर्टात जा. नागपूरने सांगितलं होतं की मालकीचा निकाल देऊ नका. गुन्हा घडला तरी नोंदवू नका, असं कुठे सांगितलं होतं? मी हे त्यांना समजावायला गेलो तर ते हात जोडून म्हणाले, "वकीलसाहेब, एकदा ठेच लागलीय. पुन्हा त्या वाटेला जात नाही." लोक मला रस्त्यात थांबवून विचारायचे, "तुमीच ठाणं बंद केलं म्हन्तात?" माझ्या वकिलीतला सगळ्यांत मोठा विजय आणि गावोगावी तोंड लपवायची पाळी.

पुढे माघात एका सकाळी ठाणेदारांचा शिपाई खामगावला माझ्या घरी आला. साहेबांनी ताबडतोब बोलावलंय. मी एस.टी.ने गेलो. ठाण्यात एका बाकावर इस्माईल, समोरच्या बाकावर शेषराव, टेबलावर दोन किल्ल्या, आणि ठाणेदार त्या टेबलापासून दूर, खिडकीशी उभे.

"मी हात लावलेला नाही," ते मला पाहताच म्हणाले. "या शिपायाची साक्ष घ्या. दोघांनी आपणहून आणून ठेवल्यात. उचलल्या तर कोर्टाचा अवमान होतो, आणि नाही उचलल्या तर ही माणसं हलत नाहीत. सकाळपासून माझं ठाणं अडवून बसलीत. तुम्हीच सांगा, मी काय करू?"

मी इस्माईलवर उखडलो. "अहो, ही किल्ली मी नागपूरहून सोडवून आणली! आणि तुम्ही ती परत इथेच आणून ठेवता?"

"हाव, साहेब. पन एका किल्लीनं दरवाजा नाई उघडत. माह्याजवळ ठेवून काय करू?"

मग शेषरावकडे वळलो. "आणि तुमचं काय? तुम्हांला तर दार बंदच हवं होतं."

शेषराव इकडेतिकडे पाहत सांगू लागला. त्याच्या मुलीचं लग्न ठरलं होतं, पंधरवड्यावर आलं होतं. मुलीला द्यायच्या गाद्यांचा कापूस त्याच्या बायकोने भांडणाच्या आधीच इस्माईलकडे टाकला होता. कापूस घरचा, निवडून ठेवलेला. बाई आता नवऱ्याशी बोलत नव्हती. जेवायला वाढायची आणि तोंड फिरवून बसायची.

"मग तुमचं कुलूप काढा ना," मी म्हटलं. "कुणी अडवलंय?"

"मी काऊन काढू? मी काढलं तं गाव म्हनन, शेषराव वाकला. ठाणेदार साहेबानं उघडलं असतं तं मी काय करनार होतो? सरकारापुढं कोनाचं चालते? त्याईचे हात तुमीच बांधून ठेवले, साहेब."

इतका वेळ दाबून ठेवलेला माझा संताप बाहेर पडला. मी दोघांनाही काय काय बोललो ते इथे छापता येणार नाही. अर्धं गाव थंडीने काकडतंय, तुझी बायको तोंड फिरवून बसली आहे, याचा हंगाम बुडाला, आणि तुम्हा दोघांनाही दार उघडायचंच आहे, तर मग या खटल्यात भांडतंय कोण? ठाणेदार खिडकीतून बाहेर पाहत होते. शेवटी मी म्हटलं, "द्या त्या किल्ल्या माझ्याकडे."

मला वाटलं शेषराव नकार देईल. मी तर समोरच्याचा वकील. पण त्याने टेबलावरची आपली किल्ली बोटाने माझ्याकडे सरकवली आणि त्याचा चेहरा एकदम हलका झाला. "घ्या. तुमी त्याचे वकील. तुमी उघडलं तं तो जुलूमच झाला. जुलमापुढं मी काय करू?"

तेव्हा मला त्या दोन कुलपांच्या रीतीचा अर्थ कळला. तिसऱ्या माणसाकडे किल्ल्या देतात ते त्याने न्याय करावा म्हणून नाही. मागे हटायचं असतं तेव्हा कुणाच्या तरी डोक्यावर खापर फोडता यावं म्हणून देतात. कायद्याच्या कुठल्याही पुस्तकात मी हे वाचलेलं नव्हतं, आणि तिथे ते मिळणारही नाही.

मी चालत खोलीपाशी गेलो. मागे सगळं गाव. दोन्ही किल्ल्या लावल्या, कडी काढली, दार ढकललं. आतून कोंडलेल्या कापसाचा वास आला. उंदरांनी गठ्ठ्यांच्या कडा कुरतडल्या होत्या. कमानीची तात ढिली पडली होती. इस्माईलने कमानीकडे पाहिलंसुद्धा नाही. त्याने एकेक गठ्ठा उचलून दारात आणला आणि नाव घेऊन हाक मारली. बाया पुढे होऊन आपापलं घेऊन जाऊ लागल्या. एकाही गठ्ठ्यावर त्याचं नाव चुकलं नाही आणि एकाही बाईने उलगडून पाहिलं नाही. मला तिथे भरून आलं. आपण कशासाठी भरून येऊ देतोय, याचाही राग आला.

शेषराव रस्त्याच्या पलीकडे उभा राहून माझ्या नावाने शंख करत होता. वकिलानं दिवसाढवळ्या माझं कुलूप उघडलं, पाहा लोकहो, वगैरे. आवाज तर सुरेख लागला होता. मधेच थांबून तो कुणाला तरी विचारून घेत होता की त्याच्या घरचा गठ्ठा निघाला का.

दावा पुढे बरीच वर्षं रेंगाळला. खोलीत इस्माईल बसत राहिला, शेषरावच्या मुलाने दुकान रस्त्यापलीकडे घातलं, आणि शेवटी दोन्ही पक्षांनी तडजोडीची पुरशीस, म्हणजे लेखी निवेदन, दिली तेव्हा कोर्टालाही हायसं वाटलं असावं. हंगामाचा तेवढा भाग इस्माईलचा बुडाला तो बुडालाच. तो त्याला कुठल्याच कोर्टाने भरून दिला नाही, आणि मलाही देता आला नाही. पोलिसांनी जागेच्या वादात पडू नये असं मी आजही म्हणतो. पण मग पडायचं कुणी, असं कुणी विचारलं की माझा आवाज उगाच चढतो आणि घरातली माणसं मला पाणी देतात.

त्या दिवशी मात्र माझी सुटका एवढ्यावर झाली नाही. मी एस.टी.ची वाट पाहत उभा होतो, तर तोच शिपाई धावत आला. पुन्हा ठाण्यात. शेषराव ठाणेदारांसमोर बसून माझ्याविरुद्ध तक्रार सांगत होता. ठाणेदारांनी काचेखालच्या नकलेवर बोट ठेवलं, खाजगी वाद आहे म्हणाले. शेषराव म्हणाला, "तुमी पडू नका. फक्त लिहून घ्या. गावाले दाखवाले काही तं पाह्यजे." ठाणेदारांनी दौत पुढे ओढली आणि मला विचारलं, "किल्ली तुम्ही जबरदस्तीने घेतली, असं यांचं म्हणणं आहे. तुमचं काय?"

मी थकलो होतो. म्हटलं, "लिहा. जबरदस्तीने घेतली."

शेषरावने समाधानाने मान हलवली आणि बाकावरून अर्धा उठून म्हणाला, "आन् जरा लवकर लिहा, साहेब. इस्माईलनं कमान चढवली हाय. बायकोनं पोरीच्या गाद्या भरू लागाले मलेच बलावलं."